आपल्यांनाच बोल लावणारी पुस्तकं

मी, कुमारी डिंप्ना लॉक्रन, वय एकाहत्तर, निवृत्त इतिहास-शिक्षिका, राहणार आर्मा, हे मृत्युपत्र माझ्या स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून स्वहस्ते लिहीत आहे. हृदय थकलं आहे असं डॉक्टर सांगतात. डोकं शाबूत आहे, आणि मला कोणी भरीला घातलेलं नाही. यापूर्वीचं मृत्युपत्र रद्द समजावं. ते लिहिलं तेव्हा मी रागात होते.

एक. राहतं घर माझी भाची फिनूला हिला द्यावं. जिन्याखालच्या ओलीची तिला कल्पना आहे. मागचं सफरचंदाचं झाड तोडू नये. फळ आंबट आहे अशी तक्रार सगळे करतात, पण ते शिजवायचं फळ आहे, एवढं कोणी लक्षात ठेवत नाही. बँकेतल्या शिलकीतून आधी माझे अंत्यविधी करावेत आणि उरेल ते फिनूला व तिचा भाऊ मॅलकी यांनी निम्मंनिम्मं घ्यावं. मॅलकीला मी या मृत्युपत्राचा व्यवस्थापक नेमते.

दोन. शिडी आणि सफरचंद सोलायचं यंत्र मॅलकीला. तो शिडीला घाबरतो, त्याने आता शिकावं. मी आत्ता वापरते आहे ते फाउंटन पेन फिनूलाला. ते कॉन्व्हेंटमधल्या सिस्टर अल्फॉन्सस यांनी दिलं होतं. त्या म्हणत, समोरच्याची बाजू त्याच्याहून चांगली मांडता येईपर्यंत भांडायला उभं राहू नये. मला ते नेहमी जमलं असं नाही.

तीन. माझ्या बहिणीचे यजमान यूजीन यांनी नाताळच्या जेवणात माझ्या ग्रंथांना रद्दी म्हटलं होतं. त्यांना त्यांची इथे विसरलेली छत्री परत करावी. पुस्तक एकही देऊ नये.

चार. पुस्तकं. हे मृत्युपत्र खरं तर या कलमासाठी आहे.

इसोबेल वायली ही पलीकडच्या टेकडीखाली राहते. ती प्रेस्बिटेरियन, म्हणजे प्रोटेस्टंट; मी कॅथलिक. आमची ओळख वाचनालयात झाली. धर्मसुधारणेच्या इतिहासाचा एकच ग्रंथ आम्ही दोघी आळीपाळीने अडवून ठेवत होतो. शेवटी तीच म्हणाली, "बाई, आपण दोघी मिळून विकत घेऊ या, म्हणजे ग्रंथपाल तरी सुखाने जेवेल." तेव्हापासून इतिहास, धर्म, राजकारण यांवरचे विद्वानांचे ग्रंथ आम्ही भागीत घेत आलो. ग्रंथ कोणाच्या घरी राहायचा, याचा नियम इसोबेलने घातला. ज्या पुस्तकात जिच्या लोकांना बोल लावलेला असेल, ते तिच्या घरी.

त्यामुळे माझं कपाट पोपच्या दरबारावरच्या, धर्मन्यायालयांवरच्या आणि बिशपांच्या राजकारणावरच्या पुस्तकांनी भरलं. इसोबेलकडे कॅथलिकांच्या जमिनी बळकावल्याचे, त्यांच्यावर लादलेल्या कायद्यांचे आणि ऑरेंजवाल्या कट्टर प्रोटेस्टंटांच्या मिरवणुकांचे इतिहास गेले. तिचे भाऊ रविवारी जेवायला आले की कपाटाकडे पाठ करून बसत. माझ्या आजारपणात फादर मॅक्गर्क आले, तेव्हा कपाट बघता बघता त्यांचा चहा निवला. मग त्यांनी हळूच विचारलं की डिंप्ना, श्रद्धा ठीक आहे ना? मी म्हटलं, श्रद्धा ठीक आहे फादर, ही पुस्तकं करारातली आहेत.

सहा वर्षांपूर्वी नार्दोने यांच्या कॅफेत आमचं बिनसलं. सोळाशे एक्केचाळीसच्या, इथल्या कॅथलिकांच्या बंडावरचा जाडजूड ग्रंथ नुकताच आला होता. मी म्हटलं, हा तुझ्या घरी, जमिनी कोणी घेतल्या ते पहिल्याच प्रकरणात आहे. ती म्हणाली, हा तुझ्या घरी, नदीत माणसं कोणी बुडवली ते दुसऱ्यात आहे. कॉफी गार झाली. दोघी उठून वेगवेगळ्या दारांनी गेलो आणि ग्रंथ टेबलावरच राहिला. त्यानंतर आम्ही बोललेलो नाही.

नुसतं माझं कपाट पाहणाऱ्याला वाटेल की या बाईला आपल्याच माणसांचा तिटकारा होता. तिचं पाहून तिच्याबद्दल तेच वाटेल. दोन्ही कपाटं एका छपराखाली आली तरच आम्ही काय करत होतो ते कळेल. म्हणून माझ्याकडचे सर्व ग्रंथ मी इसोबेल वायली हिला देते. ती घेईल की नाही, हे लिहिताना मला माहीत नाही. तिने नाकारले तर मॅलकीने ते कोरड्या जागी ठेवावेत आणि ती हयात असेपर्यंत विकू नयेत. तिचं मन बदलायला वेळ लागतो.

पाच. तो बंडावरचा ग्रंथ नार्दोने यांना. त्यांनी तो कॉफीच्या डब्यांमागे जपला आणि एकदाही उघडला नाही. इतका निःपक्षपाती माणूस आर्मात दुसरा नाही.

सहा. वरचं सगळं मागच्या आठवड्यात लिहिलं. हे कलम आज लिहिते आहे. वकील टोनरबाई म्हणतात याची गरज नाही. मला आहे.

साक्षीदार म्हणून मी इसोबेललाच निरोप धाडला होता. डिंप्ना शहाणी आहे असं तिने लिहून दिलं, तर कोणी शंका घेणार नाही. ती आली. कोट न काढता, पर्स मांडीवर घेऊन बसली. म्हणाली, "सही कुठे करायची ते दाखव. मला बस पकडायची आहे."

तिने पेन हातात घेतलं, तेव्हा टोनरबाईंनी विचारलं की मृत्युपत्रात यांच्या नावे काही आहे का? मी म्हटलं, पुस्तकं आहेत.

"कुठली?" इसोबेलने विचारलं.

"माझ्याकडची सगळी."

"म्हणजे तुमच्या लोकांचे वाभाडे काढणारी?"

"तीच."

टोनरबाईंनी समजावून सांगितलं की साक्षीदाराला मृत्युपत्रातलं काही मिळत नाही. सही केली तर पुस्तकांवरचा हक्क जाईल. मला हा कायदा ठाऊक नव्हता. (नार्दोनेही मग साक्षीला चालले नसते.) इसोबेल कपाटाकडे बघत राहिली.

"धूळ बसू दिलीस," ती म्हणाली.

"वरच्या फळीला हात पोचत नाही आता."

तिने पेनाला टोपण लावलं. "टोनरबाई, दुसरं कोणी बघा. मला सही करता यायची नाही."

मी म्हटलं, तुझी बस जाईल. ती म्हणाली, "जाऊ दे," आणि उठून कोट दाराच्या खुंटीला अडकवला.

समोरच्या क्विगलीबाईंना पीठ मळता मळता बोलावून आणलं आहे. त्या हात धूत आहेत. मी सही करते.

डिंप्ना लॉक्रन (सही)

वरील सही आम्हा दोघींच्या समक्ष झाली:
ओर्ला टोनर, वकील (सही)
रोझलीन क्विगली, शेजारीण (सही)

आर्मा, १९ सप्टेंबर २०१९

हजर होत्या, सही करण्यास नकार दिला: कुमारी इसोबेल वायली