नाव राहून गेलं

३ जून, सकाळी
सरांचं पुस्तक आलं. विषय : वाक्याचं वरचं रूप आणि त्याच्या पोटातला अर्थ. एकशे बारा उदाहरणं माझी. प्रस्तावनेत आभार टायपिस्टचेसुद्धा, माझे नाहीत. विचारलं, तर म्हणाले, 'अगं, तुझं नाव राहून गेलं.' मी म्हटलं, 'हरकत नाही, सर.' पोटातला अर्थ : भरपूर हरकत आहे. एवढे मोठे भाषाशास्त्रज्ञ, त्यांना कळला असणारच. घाबरले असतील.

४ जून
'नाव राहून गेलं.' व्याकरणाने कर्ता कोण? नाव! म्हणजे ते आपण होऊनच राहिलं आणि गेलं. लहानपणी मी 'बशी फुटली' म्हटलं की बाबा विचारायचे, 'आपली आपण? फोडणारा कोण?' शाळेआधी व्याकरण शिकले ते असं, बशीचे तुकडे गोळा करत. सूड घेणार. वाक्यानेच.

५ जून
सूड वाईट. पण त्यात एकही खोटा शब्द नसला तर चालेल.

९ जून
प्रकाशन समारंभात आभार मानायचं काम माझ्याकडे. आयतं सावज! अकरा मसुद्यांनंतर वाक्य तयार : 'सरांनी माझ्या वाक्यांचं जे केलं, ते दुसऱ्या कोणाला जमलं नसतं.' वरून हार, आतून जोडा.

१२ जून, दुपारी
बोलले. 'माझ्या'वर जोर दिला. मग टाळ्या (नाइलाजाने). सरांचे डोळे भरून आले. पश्चात्ताप, दुसरं काय? म्हणाले, 'माझ्याबद्दल असं आजवर कोणी बोललं नव्हतं गं.' कसं बोलेल? धाडस लागतं.

१३ जून
फार लागलं असेल का त्यांना? माफीचं पत्र लिहिलं. फाडलं. तुकडे जपून ठेवलेत.

२० ऑगस्ट
दुसरी आवृत्ती. मागच्या कव्हरवर ठळक अक्षरात माझं वाक्य. खाली माझं नाव, पूर्ण, बाबांच्या नावासकट. फक्त 'माझ्या' नाही. 'सरांनी वाक्यांचं जे केलं, ते दुसऱ्या कोणाला जमलं नसतं.' फोन केला. सर म्हणाले, 'जागा कमी होती गं, एक शब्द गळला.'
हरकत नाही म्हटलं.
संध्याकाळी बाबांनी कव्हर दोनदा वाचलं. चष्मा काढला. विचारलं, 'एवढी खुशामत? केली कोणी?'
मी म्हटलं, 'झाली.'