वास येतो का, आक्का?

मंठा, १२ नोव्हेंबर १९८४
ती. सौ. उषाआक्कास,
कांताचा शि. सा. न. वि. वि. इकडे कापूसवेचणी चालू आहे, सासूबाई दिवसभर शेतात असतात. तुझी छकुली चालायला लागली का?

हे दारू पीत नाहीत, हात उगारत नाहीत, मंग तक्रार काय करू. पण मी तांब्या दिला की पुन्हा विसळून घेतात. भाकरी हुंगतात आणि शी म्हणून ताट सरकवतात. चारचौघांत मी जवळून गेले की नाकाला रुमाल लावतात, सगळे हसतात. लग्नाआधी आपण एकाच गोधडीत निजायचो. माझ्या अंगाला वास येतो का? खरं सांग, मला राग येणार न्हाई.
लोभ आटू देऊ नको.
तुझी कांता

आष्टी, २५ नोव्हेंबर
चि. सौ. कांतास,
अ. उ. आ. पत्र वाचून हसूच आलं. तुझ्या दाजींना तर मेथीच्या भाजीतही खोट सापडते. मार न्हाई, दारू न्हाई. आमच्या गल्लीतल्या बाया तुला नशीबवान म्हणतील. आईचंही म्हणणं, बाईनं थोडा कानाडोळा करावा. तिकडे निघालेल्या भिवाच्या हाती चंदनाचा साबण आणि शिकेकाई पाठवते. न्हाऊनमाखून राहा, होईल सगळं बराबर.
जिवाला जप, खुशाली कळव.
तुझी आक्का

मंठा, ९ डिसेंबर
ती. सौ. आक्कास,
सा. न. साबण पोचला. यांनी पुडी उघडली आणि म्हणाले की माहेरच्यांनाही ठाऊक आहे तर. मी तुला एक विचारलं होतं. त्याचं उत्तर न लिहिता तू साबण पाठवलास, मी काय ते समजले. अंग घासून घासून कातडी सोलवटली आहे. शेजारच्या खैरुनबी बोलावतात, पण मी त्यांच्या दारातच उभी राहते. संक्रांतीला येणार न्हाई. छकुलीला माझ्या मांडीवर कसं देशील?
माया असू दे, लांबूनच.
कांता

मंठा, २० डिसेंबर
ती. सौ. आक्कास,
सा. न. पत्र मिळताच तू धावत आलीस, माझ्या ताटात जेवलीस, वास बिलकुल न्हाई म्हणून शपथ घेतलीस. तरी मला वाटलं, तू माझं मन राखतेस.

पण वाढत तू होतीस म्हणून यांना वाटलं, भाकरी तूच केल्यास. मागून मागून खाल्ल्या, आणि मला म्हणाले की बहिणीकडून शिकून घे. पीठ मी मळलं होतं, थापल्या मी, भाजल्या मी. तू माझ्याकडे पाहिलंस आणि मी मान खाली घातली.

तू गेलीस आणि दुसऱ्याच दिवशी त्याच पिठाच्या भाकरीला पुन्हा शी. आक्का, यांना वास कधी आलाच नव्हता. वास असता तर एक ना एक दिवस गेला असता, त्या आशेवर मी राहत होते. आता कशाच्या आशेवर राहू? धर्मराजदादाला न्यायला पाठव. आई नको म्हणाली तर तिला हे पत्र वाचून दाखव, आणि तरी नको म्हणाली तर तूच ये.
तुझीच,
कांता