मैनाले थंड जागी ठेवलं

रोहिणखेड,
ता. १४ मे १९६५

तीर्थरूप अन्नपूर्णामावशीले सिंधूचा पायावर डोकं ठेवून नमस्कार.

मावशी, दोन रात्री झाल्या, मी झोपली नाही. घाबरू नका. ऊन लय तापून राह्यलं, अन् जाताना तुमीच सांगितलं होतं, गरमीत सिनेमाच्या डब्यायकडे ध्यान ठेव. म्हून ठेवून राह्यली. गोनपाट ओलं करते, डब्यायवर टाकते, वाळलं का परत ओलं करते.

ऑपरेशन झालेल्या डोळ्याची पट्टी कधी सुटते? तुमच्या कार्डात वाचलं, डॉक्टरनं पट्टी सुटेपर्यंत रडायची बंदी केली म्हून. मले हासू आलं. म्हटलं, आमच्या मावशीले काय फरक पडते, मुक्या सिनेमात त्याईनं जन्माचं रडून घेतलं.

लेकरू बरं आहे. दात येऊन राह्यले. त्याले निजवताना मी तुमच्या सिनेमावाल्यायचेच नावं घेते. उन्हाचे आरसे धरनारा हिंमतराव, दाढ्या चिकटवनारा उत्तमराव, गुनगुनत कॅमेऱ्याचा दांडा फिरवनारा नारायणराव. तुमी डब्यायवर लिहून ठेवलेले. सासूबाई म्हंते, "देवाचं नाव घे वं, हे कोन मेले?" मी म्हटलं, मेलेच आहेत, म्हून तर घेते.

घर सुनं लागते. बाळाचे बाबा तिकडे सडकेच्या कामावर, कागद नाही का निरोप नाही. दुपारी तुमी दाराच्या उजेडात सिनेमाची पट्टी धरून दाखवत, तिथंच मी आता उगीच बसते. पाळन्यातली मैना, चार महिन्याची, हात वर. पुढच्या चित्रात हात जरासा आनखी वर. कंपनीले तान्हं लेकरू भेटलं नाही म्हून तुमी आपलंच लेकरू पाळन्यात टाकलं. मंग ते तापात गेलं, अन् तुमच्यापाशी त्याचं तेवढंच राह्यलं. तेच तुमी माह्या हवाली करून गेल्या.

मैनाले थंड जागी ठेवलं आहे, मावशी. काळजी करू नका.

जुने सिनेमे जपनारे पुन्याचे साहेब डबे न्यायले येतीन, तवा मी सगळे नावं सांगीन. एकबी चुकनार नाही.

तुमची,
सिंधू

ताई, का दादा, जे कोनी मावशीले हे वाचून दाखवून राह्यले, त्याईनं इथं थांबा. मावशीले म्हना, पत्र सरलं. खालचं मनातल्या मनात वाचा. तिच्या डोळ्यात पानी यायले नको.

मैनाचा डबा गेला. उघडला तं पट्टीच नाही. मधासारखं चिकट, खाली भुरी भुकटी, अन् वास असा का डोळे चुरचुरले. मावशी सांगे, एक डबा सडला का बाकीच्याले सडवते, अन् गरमीत आपोआप पेटते. मी लय पाह्यलं. एकबी चित्र निघालं नाही.

सासूबाई म्हने, विहिरीत फेक. चार महिन्याचं लेकरू काय विहिरीत फेकतात? आमच्यात तान्ह्याले जाळतबी नाहीत. माह्यं लेकरू कडेवर घेतलं, बांधावर गेली, लिंबाखाली खड्डा केला. मीठ टाकलं. डब्याले लेकराची कुंची घातली अन् माती लोटली. संगं कोनी नव्हतं.

बाकीचे डबे चांगले आहेत. पन परवा बुऱ्हानपूरचा बांगडीवाला आला. सासूबाईले म्हने, "बाई, ह्या पट्ट्या वितळवून मस्त बांगड्या होतात." माल अस्सल आहे का पाहाले बोटभर तुकडा तोडला अन् बिडी लावली. भस्सकन जाळ झाला, आढ्याले काजळी लागली. लेकरू दोन हातावर निजेल होतं. मी त्याले उचलून आंगनात पळाली. तवापासून झोप नाही.

सासूबाईनं त्याले जबान देली. बुधवारच्या बाजाराले तो डबे न्यायले येते. ती म्हंते, "तुह्या पोरापेक्षा ते मुके नाचे जास्त हायेत काय?" तिचंबी खोटं नाही. मलेबी हे डबे घरात नको. पन मावशीच्या सिनेमाच्या बांगड्या कोनाच्या हातात वाजलेल्या मले पाहावनार नाहीत.

माह्या भावाच्या वाडीत रिकामी खोली आहे, विहिरीपाशी, थंड. तिथं चूल पेटत नाही, डबे तिथंच न्यायचे. पन त्याले वाचता येत नाही, त्याचं पत्र दुसरेच वाचतात, अन् गोष्ट सासूबाईच्या कानावर येते. आमच्या गावात फोन नाही, अन् लेकराले या डब्यायपाशी टाकून मी जाऊ कशी?

मैनाचं मावशीले सांगू नका. पट्टी सुटली का मीच सांगीन, समोर बसून.

तुमी फक्त माह्या भावाले फोन करा. गुलाबराव, मलकापूरच्या जिनिंगात कामाले आहे. मोठ्यानं बोला, तिथं यंत्र चालतात. म्हना, सिंधूनं बोलावलं, बुधवारच्या आधी, सकाळच्या थंड्यात बैलगाडी घेऊन ये. अन् बिडी घरीच ठेवून ये.