बांबूला टांगलेला पाट

क्लेमेंटी, सिंगापूर, रविवार, १ नोव्हेंबर २०१५, संध्याकाळ

आमच्या मागच्या खोलीत भाड्याने राहणाऱ्या लुसियाने आज तिच्या गेलेल्या आईसाठी नैवेद्य मांडला. ती मेक्सिकोतली, तिथल्या तोतोनाक आदिवासींपैकी; त्यांच्यात या दिवसांत गेलेल्या माणसांना हाक मारून घरी बोलावतात. तिच्या घरी यासाठी पाट छताला दोरांनी टांगतात. इथे भाड्याच्या फ्लॅटमध्ये छताला भोक कसं पाडणार? शेवटी कपडे वाळत घालायचा बांबू दोन कपाटांवर आडवा ठेवला आणि त्याला पाट टांगला. धूप माझ्या देवघरातला. पाटावर कपभर गरम चॉकलेट.

कपासमोर लुसिया तिच्या तोतोनाक भाषेत बोलू लागली आणि मध्येच अडली. म्हणाली, "आईला दुसरी भाषा यायचीच नाही. आणि इथे माझ्याशी ही भाषा बोलणारं कुणी नाही. शब्द सुटत चाललेत. पुढच्या वर्षी हाक तरी मारता येईल का?"

माझी लेक इरा तिला इथल्या सिंगापुरी इंग्रजीतच म्हणाली, "इंग्लिशमध्ये बोल ना, लाह! मेल्यावर सगळं कळतं."

आम्ही हसलो. पण मला ते टोचत राहिलं. उद्या मी गेल्यावर इरा मला कशी बोलावेल? मला इंग्रजी येतं की. मग टोचतं कशाला?

थोड्या वेळाने पाहिलं, तर कप पाटावर नव्हता. इराने तो मायक्रोवेव्हमध्ये गरम करून आणला, जपून ठेवला आणि हळूच म्हणाली, "या आजी, बसा. गार झालं होतं."

मराठीत. आपल्याकडे पाहुणे आले की मी म्हणते तसं.

लुसियाच्या आईला कळलं असेल ना? इरा म्हणते, सगळं कळतं.