शेपटीवरील क्रमांकाबाबत अंतिम इच्छा

मी, नागसेन बाबुराव गजभिये, वय ५७, बी.कॉम., राहणार आलमबाग, लखनऊ, पूर्ण शुद्धीत व कोणाच्याही दडपणाविना हे मृत्युपत्र लिहून ठेवीत आहे. शरीर खंगले आहे. बुद्धी शाबूत असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. पत्नी चंद्रप्रभा व एकुलता मुलगा सौरभ हयात नाहीत.

१. राहता फ्लॅट व बँकेतील ठेवी दिवंगत भावाची मुलगी स्नेहल हिला द्याव्यात. मी मराठीत बोलतो, ती हिंदीत उत्तर देते. उत्तर देणारी तेवढी एकच उरली आहे.

२. सौरभ वायुदलात विमानांवर ओळखखुणा रंगवीत असे. एकदा रजेवर आला असता त्याने आमच्या वसाहतीच्या बागेत चौथऱ्यावर उभे केलेले निवृत्त विमान रंगवले. पंखांवर वर्तुळे काढली: बाहेर केशरी, मध्ये पांढरे, आत हिरवे. शेपटीवर विमानाचा मूळ क्रमांक घातला. अंकांचे साचे त्याने आईच्या छातीच्या एक्स-रे फिल्ममधून कापले होते.

"अरे, माझ्या बरगड्या विमानाला लावतोस?" ती म्हणाली.

"तेवढाच तुझा विमानप्रवास, आई!"

त्याच वर्षी ती गेली; पुढच्या वर्षी अमौसीच्या रस्त्यावर मोटारसायकलच्या अपघातात तो.

३. गेल्या महिन्यात वसाहतीच्या समितीने जुना रंग खरवडून काढला. आता वर्तुळात हिरवा बाहेर आहे आणि क्रमांकाच्या जागी एका कोचिंग क्लासचे नाव. मी लेखी हरकत घेतली. सभेत ती वाचण्यापूर्वीच चहा आला. अध्यक्ष त्रिवेदीजी म्हणाले, "अरे गजभिये साहब, नीचे से किसको दिखता है?" त्यांना माझ्या अंत्ययात्रेचा निरोप देऊ नये.

४. स्नेहल म्हणते, "काका, स्टेंसिल तो रखे हैं ना, फिर से बनवा लेंगे." तिचा हेतू चांगला आहे; तथापि माझी संमती नाही. साच्यांतून अंक उमटतील, सौरभचा हात उमटणार नाही. सबब, साचे कोणासही न देता माझ्या देहासोबत जाळावेत.

५. खुणा पुसलेले विमान कोणाचे, हे सांगता येत नाही. हे पूर्वी कोणी रंगवले होते, असे बागेत कोणी विचारल्यास स्नेहलने सौरभचे नाव घेऊ नये. तिथे आता त्याचे काहीही नाही.

वरील मजकूर स्वतः लिहून, पुन्हा वाचून, दोन्ही साक्षीदारांसमक्ष सही केली आहे.

(सही) नागसेन बाबुराव गजभिये

साक्षीदार:
१. हणमंत दत्तात्रय शेंडे, शेजारी (सही)
२. डॉ. शर्मिष्ठा रामटेके (सही)

लखनऊ, १२ फेब्रुवारी २०२५