नन्ना हो म्हणाला

४ फेब्रुवारी

नन्ना आज चक्क हो म्हणाला!

लिहून ठेवतो, नाहीतर उद्या मलाच खरं वाटायचं नाही. बैठक नेहमीसारखी माझ्या दुकानाच्या मागच्या खोलीत, फोटोंच्या चौकटींच्या पट्ट्या आणि काचा भिंतीशी सारून. आता आम्ही तिघंच उरलोय — मी, नन्ना आणि कंपाउंडर. एकाने काहीतरी मांडायचं, दुसऱ्याने उलट; आज मांडायची माझी पाळी होती. मी मांडलं, "मास्तर थोर होते." यावर नन्नाचं उलट पाखं ठरलेलं — "थोर कसले, आळशी होते. निर्णय घ्यायला नको म्हणून दोन्ही खरं म्हणायचे." मग दोन्ही खरी धरायची, तिसरं कुणाला सुचलं तर तेही, आणि चहा. ही बैठक सुरू करणाऱ्या मास्तरांची शिकवणच ती! घराचं छप्पर उभं राहतं कारण दोन पाखी एकमेकांना उलट रेटतात. सत्याचंही तेच. एक काढलं की दुसरं डोक्यात पडतं. म्हणून आमच्यात कुणीतरी उलट मांडल्याशिवाय चहा ओतत नाहीत.

तर आज नन्ना खिडकीबाहेर बघत म्हणाला, "होते बुवा थोर."

कंपाउंडर किटली धरून उभाच. "आता चहाचं काय?" शेवटी त्यानेच कसंबसं उलट मांडलं — मास्तरांच्या चपला फार वाजायच्या म्हणे. चालवून घेतलं.

६ फेब्रुवारी

दिवसभर शीळ घालत काम केलं. एका लग्नाच्या फोटोची काच दोनदा तिरकी कापली, तरी राग नाही. सून म्हणाली, "बाबा, लॉटरी लागली का?" म्हटलं, त्याहून मोठं. उभ्या जन्मात ज्या माणसाने माझ्याकडून किती वाजले हेसुद्धा मान्य केलं नाही, त्याला गप्प केलं!

मुलगा हसला नाही. "गोळी घेतली का?" एवढंच. पोटाच्या तपासण्या झाल्यापासून तो गोळ्यांचा हवालदार झालाय. साधं पित्त आहे म्हणतो. साध्या पित्ताला एवढ्या रंगांच्या गोळ्या! पण असो, पोराचा जीव आहे माझ्यावर.

११ फेब्रुवारी

पुन्हा हो.

मांडलं होतं, "चौकट लाकडाचीच. प्लास्टिकचा सगळा कचरा." हे मी मुद्दामच निवडलं. या माणसाने माझ्या नाकावर टिच्चून अख्ख्या घरात प्लास्टिकच्या चौकटी लावल्यात, स्वतःच्या आईच्या फोटोलासुद्धा. म्हणाला, "बरोबर आहे तुझं."

"नन्ना, पाढा विसरलास की काय?" म्हणून डिवचलं. हसला. नुसता हसला.

कंपाउंडर हल्ली माझ्याकडे बघत नाही. जिंकण्यात जी मजा वाटली होती ती कुठे गेली कळत नाही. चहा पाणचट लागला.

१८ फेब्रुवारी

आज नको ते केलं.

मांडलं — "आमची ही माझ्या घरात सुखात होती." ती गेल्यापासून वर्षातून एकदा तरी मी हे मांडतो आणि नन्ना दर वेळी माझी सालटी काढतो. "तुझं घर होतंच कुठे? दुकान आणि बैठक! ती कंटाळून गेली रे." मग मी उसळतो. ती भांडी घासताना गुणगुणायची ते सांगतो, निळे पडदे तिने हट्टाने आणले ते सांगतो. त्याला हरवायच्या नादात मला दर वेळी तिचं काहीतरी नवीन आठवतं. गेल्या खेपेला तिची शिंक आठवली होती!

आज त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला. "होती रे. सुखात होती."

संपलं. उसळायला जागाच नाही. कंपाउंडरने घसा खाकरला, चहा न ओतताच उठलो.

घरी येऊन तिच्या फोटोपुढे बसलो. होती का खरंच? समुद्र बघायचा म्हणायची. मी म्हणायचो, लग्नसराई उलटू दे. दर वर्षी हेच. नन्ना नाही म्हणायचा म्हणून मला हो म्हणता येत होतं, हे आज कळलं. आता त्याचं नाही मला एकट्यालाच म्हणावं लागतंय, आणि मला त्याच्यासारखं प्रेमाने म्हणता येत नाही.

२० फेब्रुवारी

शीळ घातली त्याची लाज वाटते.

२३ फेब्रुवारी

न राहवून नन्नाच्या घरी गेलो. म्हटलं, डोकं चालेनासं झालंय बहुतेक म्हाताऱ्याचं. वयच आहे. आपण त्याला टोमणे मारले हे काही बरं केलं नाही. तो बाहेर गेला होता. वहिनींनी दार उघडलं.

"भांडलात का?"

"नाही वहिनी. भांडत नाही म्हणूनच आलोय."

"कोण, हे? अहो, सकाळपासून मिठावरून झालं, पडद्यावरून झालं. घड्याळ पुढे आहे म्हटलं तर म्हणे घड्याळ बरोबर आहे, जग मागे पडलंय!"

म्हणजे ठणठणीत आहे की! मला हसू आलं, वहिनींनाही आलं. मग त्या एकदम वळल्या आणि दूध उतू जातंय म्हणत आत गेल्या. बराच वेळ बाहेर आल्या नाहीत. बसलो, मग तसाच निघालो.

२५ फेब्रुवारी

सगळ्या जगाशी भांडतो, फक्त माझ्याशी नाही. याचा अर्थ सरळ आहे. माणूस परक्याशी असा गोड बोलतो. मी त्याच्या मनातून उतरलो.

काय चुकलं आठवून बघितलं. खूप सापडलं. दर बैठकीत मला मान्यताच हवी असायची. दोन्ही खरं असं तोंडाने म्हणायचो, आणि मनात एकच धरून बसायचो. मास्तरांचं खरं ऐकलं ते नन्नाने. मी आयुष्यभर त्याचं पाखं काढायला टपलेला! आता निघालंय, तर छपराखाली बसवत नाही.

मुलाने विचारलं, "बाबा, कुठे फिरायला जायचं का? समुद्रावर?" मी म्हटलं, आता कशाला. तर पोरगा उठून गॅलरीत गेला.

४ मार्च

कंपाउंडर आला नाही. दोघंच. ठरवूनच गेलो होतो — आज याच्याकडून एक तरी नाही काढायचं. अगदी सोपं दिलं, शेंबड्या पोरालाही उलट मांडता येईल असं. मांडलं, "पुढच्या वर्षी या खोलीत मी नसेन."

नन्नाने तोंड उघडलं. मिटलं. पुन्हा उघडलं. "मांड की रे," मी म्हटलं, "असशील म्हण!" त्याला जमेना. डोळे भरून आले होते.

मग मी विचारलं, माझ्या पोटाचं तुला कोणी सांगितलं?

"तुझ्या मुलाने."

कधी?

"जानेवारीत," म्हणाला.