पन्हाळ्यापर्यंत वायर

१ जुलै २००४
मालकांनी पेढे वाटले. आपलं केबल चॅनेल सोमवारपासून पन्हाळ्यालाही दिसणार. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, मीही. आजवर केबल शहरापुरती होती, म्हणून तर हा स्वयंपाकाचा लाइव्ह कार्यक्रम धरला होता. नवरा पन्हाळ्याला. त्याला वाटतं, मी सईला घेऊन पुण्याला गेले. तीन वर्षांपूर्वी मी घर सोडताना म्हणालेला, "पोरगी माझी हाय. कुठंबी लपीव, उचलून आणीन."

५ जुलै
केस पुढे ओढले, टिकली मोठी लावली. आरशात तरी मीच. मालकांना म्हटलं, दुसरी कुणी बघा. "येडी काय गं? लोकं जेवायची थांबत्यात तुझ्यासाठी." खरं कारण सांगितलं तर कामही जाईल, भाड्याची खोलीही.

८ जुलै
घात झाला. काकडी किसत होते, मंगळवार पेठेतल्या मावशींचा फोन. नुसतं कौतुक! "ताई, तुमची सई आमच्या समोरच्याच शाळंत येती की! तुमी सोडाय येता तवा रोज बघती. अगदी तुमचंच तोंड." शाळेचं नावही घेतलं. लाइव्ह, कापायची सोय नाही. "व्हय का मावशी," म्हणून हसले. बोट किसणीवर गेलं. मावशींवर चिडू तरी कशी? रोज दुपारी टीव्हीतून मी त्यांच्या घरात असते.

९ जुलै
शाळेत कळवलं, सईला ताप आहे. पोरगी सुट्टी म्हणून नाचतेय. कार्यक्रमात एक फोन, पलीकडे कुणी बोलेना. "बोला, टीव्हीचा आवाज कमी करा," म्हणत राहिले. मागून माझाच आवाज ऐकू येत होता. भीती वाटते. खूप.

१२ जुलै
सईला एकटी ठेववेना. स्टुडिओत आणलं, कोपऱ्यात बसवलं. पहिलाच फोन, म्हातारीचा. सासूबाई? तीन वर्षांत आवाज विसरले की काय...
"लेकीला ताप हाय म्हनं. बरी हाय न्हवं?"
ताप मी फक्त शाळेत सांगितला होता.
"कुठून बोलताय?"
"पन्हाळ्यास्नं. दाखवा की जरा पोरीला."
मालकांनी काचेमागून खूण केली, कॅमेरा वळला. मी आडवी गेले, पण तोवर सईनं हात हलवला होता. फोन लगेच ठेवला गेला.

हे स्टुडिओतच लिहितेय. पुढचा दरवाजा रस्त्यावर उघडतो, मागचा बोळात. पन्हाळा काही लांब नाही, एव्हाना तो बाहेर येऊन उभाही असेल. सगळे घरी गेले, वॉचमन कुलूप घेऊन उभा आहे. सई तिसऱ्यांदा विचारतेय, "आई, चल की घरी."